दिवसा हप्त्यावर फोन विकतो, रात्री त्याच्यावरच फिल्म काढतो

"ताई नमस्कार. मी उदगीरचा, वय २७. मोबाईलच्या दुकानात फायनान्स काउंटरला बसतो, पगार १६ हजार आणि वर इन्सेंटिव्ह. बऱ्याच दिवसांपासून छोट्या फिल्म्स काढायलोय, एक्सपेरिमेंटल टाइप, विषय टेक्नॉलॉजी आणि लोकांचं खरेदीचं वेड. आत्ताची ११ मिनिटांची आहे, लिंक पाठवतोय. सगळं फुटेज फोनमध्येच आहे, मेमरी फुल झाली की जुनं डिलीट करतो. मित्रांना दाखवली तर एक म्हणाला स्टोरी कुठंय, दुसरा म्हणाला माझ्या नेटचा प्रॉब्लेम आहे का व्हिडिओच अडकायलाय. आबा म्हणायलेत खेळ बंद कर, पोरगी बघू. मला १ लाख ८० हजाराचा कॅमेरा घ्यायचाय, ओळखीतनं लोन होईल, घ्यावा का? की सगळं सोडून पुण्याला जावं? काउंटरवरचं गणित, डीबीडी म्हणजे हप्त्यातलं लपलेलं व्याज वगैरे सगळं मला पाठ आहे पण ते कुणाला सांगावं तर लोक जांभया देतात. आणि एक गोष्ट झोपू देत नाही, दिवसभर मीच लोकांच्या गळ्यात हप्त्यावर फोन मारतो आणि रात्री त्याच लोकांवर फिल्म एडिट करतो. हे ढोंग नाही का? नाव छापू नका."

नाव नाही छापत, निश्चिंत रहा. फिल्म पाहिली, आधी थांबत थांबत आणि मग सलग, आणि जे वाटलं ते सरळ सांगते, राग आला तर येऊ दे.

ढोंगाचा प्रश्न तू सगळ्यात शेवटी टाकलास पण खरा प्रश्न तोच आहे, कॅमेरा आणि पुणे त्याच्या आडून आलेत. माझ्या मते नोकरीमुळं तू ढोंगी ठरत नाहीस. पण फिल्ममध्ये एक खोटेपणा शिरलाय आणि तो वेगळाच आहे. तुझ्या फिल्ममध्ये दुकान आहे, गिऱ्हाईक आहे, डबे फुटायलेत, लायटी चमकायल्यात, पोरं सेल्फी काढायलीत, सगळं आहे, फक्त तू नाहीस. काउंटरच्या आतल्या बाजूला कोण बसलंय ते ११ मिनिटांत एकदाही दिसत नाही. म्हणून बघणाऱ्याला वाटतं की लोक आपणहून येड्यासारखे येतात, पैसे उधळतात आणि जातात, त्यांना कुणी काही विकतच नाही.

ती हिरव्या लुगड्यातली बाई आठव. मशीनवर अंगठा ठेवते, येत नाही, परत ठेवते, येत नाही, आणि तू तेवढाच तुकडा परत परत फिरवलास, खाली ते टिंगटिंग म्युझिक लावून. बघणारा हसतो. माझ्या शेजारी बसलेला पुतण्या हसला ना. आता मला सांग, थम्ब का येईना झालाय हे तुला माहीत नाही काय? जळकोट, देवणीकडच्या बाया, सोयाबीन काढून काढून, विळा धरून, भांडी घासून बोटांच्या रेषा झिजून गेलेल्या असतात, आणि तूच म्हणाला असशील की मावशी पदराला पुसा बोट, जरा ओलं करा, बरं राहू द्या दुसरं बोट लावून बघू. रोजचं काम आहे ते तुझं. ते बोलणं तू काढून टाकलंस आणि तिथं टिंगटिंग टाकलंस. मला राग आला तो तिथं.

आणि तिला विचारलं होतंस का? चेहरा ब्लर केलाय म्हणशील, पण आपल्याकडं लुगड्यावरनं आणि चालण्यावरनं माणूस ओळखतात. शिवाय पुढं एका ठिकाणी काउंटरवर कुणाचं तरी आधार पडलंय आणि पॉज केलं की नंबर वाचता येतो. हे आधी काढ, फिल्म अजून कुणाला पाठवायच्या आत, आजच, आणि लिंक पण बंद कर. लोक तुझ्यापुढं आधार, पॅन, पासबुक ठेवतात ते दुकानाचा माणूस म्हणून ठेवतात. त्याच्यावर डायरेक्टरचा हक्क नाही.

झालं, शिव्या संपल्या. आता ते शटरचं. रात्री शटर अर्धं खाली आलंय आणि तो नवा लागलेला पोरगा पिवळं कापड घेऊन डेमो फोनवरचे बोटांचे ठसे पुसायलाय. एकेक फोन, प्रत्येकाला मागून ती काळी वायर. कापड लागलं की स्क्रीन जागी होते आणि त्यात कंपनीचा तोच व्हिडिओ सुरू होतो, समुद्र, बर्फाचा डोंगर, हसणारी पोरगी, परत समुद्र, आणि हा पोरगा त्याच्याकडं बघत पण नाही, त्याला घरी जायचंय. दिवसभर किती लोकांनी नुसतं बोट लावून बघितलं असेल, घ्यायची ऐपत नसताना, उगं आपलं बघू म्हणून. कॅमेरा हलत नाही, म्युझिक नाही, मागं साउंडबॉक्स मध्येच बडबडतो की इतके इतके रुपये मिळाले. असा शॉट काढणाऱ्याला फिल्म सोड असं मी तरी म्हणणार नाही. पण बघ की, हा शॉट का जमला? कारण तिथं तू कुणाला शिकवायला गेला नाहीस, काम कसं चालतं ते नुसतं बघत बसलास.

हे असं बघत बसायचंच काम आयुष्यभर करणारा एक माणूस होता, तुझ्या विषयातला बापमाणूस, हारून फारोकी. जर्मनीचा, १९४४ चा जन्म, २०१४ ला गेला, बाप भारतातून तिकडं गेलेला डॉक्टर. यानं १९८३ ला एक फिल्म केली २५ मिनिटांची, विषय काय तर 'प्लेबॉय' मासिकातला एक फोटो. एकच फोटो. स्टुडिओत चार दिवस त्या एका फोटोचं काम चालतं आणि हा नुसतं ते काम दाखवतो, पडदा इकडं सरकव, पाय जरा असा ठेव, लाइट कमी कर, आणि माणसं असल्या गंभीरपणे बोलतात की जणू धरणाचा नकाशा चाललाय. मासिकाला कुठं नावं ठेवली नाहीत, पण ती फिल्म बघितल्यावर तसला फोटो परत पहिल्यासारखा बघता येत नाही. १९९७ ला त्यानं जाहिरातीच्या फोटोग्राफर लोकांवर केली, चीजचा तुकडा, बिअरचा ग्लास, घड्याळ यांचे फोटो काढायला ते किती मरमर करतात ते, आणि मधे मधे चारशे वर्षांपूर्वीची फळं-भांड्यांची युरोपातली चित्रं. २००१ ला मॉल बनवणाऱ्या लोकांवर, कोणता माल कुठं ठेवायचा, चालणाऱ्या माणसाची नजर आधी कुठं पडते, यावर त्यांच्या मीटिंगा. त्यात खरेदी करणाऱ्या बाईवर कुणी हसत नाही. कॅमेरा त्या लोकांवर आहे जे तिची वाट आखून ठेवतात. २००९ ला तर नुसत्या विटांवर केली, आफ्रिकेत वीट कशी पाडतात, भारतात कशी, युरोपात मशीनवर कशी, वर एक शब्द बोलला नाही.

आता फरक बघ. त्याला प्रत्येक ठिकाणी आत शिरायला परवानग्या काढाव्या लागल्या असतील, विनवण्या कराव्या लागल्या असतील. तू आतच बसलायस, आणि वर त्याचा पगार मिळायलाय तुला.

पगारावरनं आठवलं, ज्याचं खावं त्याच्यावर फिल्म काढावी का असं वाटत असेल तर आपल्याच फिल्म्स डिव्हिजनकडं बघ. १९४८ चं सरकारी खातं होतं ते, काम काय तर सरकारची माहिती थेटरात सिनेमाच्या आधी दाखवायची. त्या खात्यात पगारावर असलेल्या प्रमोद पतींनी १९६८ ला 'एक्सप्लोरर' केली, सात-आठ मिनिटांची, देव, विज्ञान, नाचणारी पोरं यांचे असले सटासट कट की आजच्या रीलवाल्यांनी लाजावं. एस. एन. एस. शास्त्रींनी १९६७ ला 'आय ॲम ट्वेंटी' केली, स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या विशीतल्या पोरापोरींना देशाबद्दल काय वाटतं ते विचारत सुटले, आणि त्यातलं एखादं पोर देशभक्तीचं भाषण ठोकण्याऐवजी सरळ बोलतं, ते पण ठेवलं. सरकारचा पगार, सरकारची रीळ. दोन्ही यूट्यूबवर सापडतात, आज रात्री एडिट करण्याऐवजी त्या बघ.

तेव्हा नोकरी सोडू नको, काउंटर सोडू नको, फक्त कॅमेरा वळव.

तू पत्रात लिहिलंस की काउंटरवरचं गणित सांगितलं की लोक जांभया देतात. मी नाही दिली. मला त्या एका ओळीत तुझ्या अख्ख्या ११ मिनिटांपेक्षा जास्त फिल्म दिसली. वाचकांसाठी थोडक्यात सांगते, चुकलं तर तू दुरुस्त कर. २० हजाराचा फोन, ५ हजार डाउन पेमेंट, उरलेले १५ हजार म्हणजे दीड दीड हजाराचे १० हप्ते, बोर्डावर लिहिलंय व्याज शून्य. आता फायनान्स कंपनी काय धर्मादाय संस्था आहे काय? व्याज असतंच. फक्त ते गिऱ्हाइकाच्या पावतीवर दिसत नाही, फोनची कंपनी किंवा दुकानदार आपल्या मार्जिनमधून ते आधीच फायनान्सवाल्याला देऊन टाकतो, त्याला तुम्ही लोक डीबीडी म्हणता. म्हणून मग रोखीनं घेणारा घासाघीस करून जे हजार-पाचशे सोडवून घेतो ते हप्तेवाल्याला सुटत नाहीत. वर प्रोसेसिंग फी, समजा ४९९ असली तर त्यावर १८ टक्के जीएसटी धरून ५८९ च्या घरात. आणि खात्यात पैसे नसताना हप्ता गेला की बाउन्स, मग फायनान्सचा दंड वेगळा आणि बँकेचा वेगळा, दीड हजाराच्या हप्त्यासाठी. रिझर्व्ह बँकेनं तर २०१३ लाच बँकांना बजावलं होतं की झिरो टक्के व्याज असली गोष्टच नसते, व्याज कुठंतरी लपवलेलं असतं. बोर्ड बदलले, शब्द बदलले, आता 'नो कॉस्ट' म्हणतात.

हे सगळं एका साध्या वाक्यात तू विकतोस ना? ते वाक्य मला माहितीय, सगळ्या दुकानांत तेच असतं. "मावशी, रोजचे पन्नास रुपये बाजूला टाकले की झालं." दीड हजार भागिले तीस. इतकं सोपं वाटतं ना ऐकायला, की नाही म्हणणारा माणूस स्वतःलाच कंजूस वाटायला लागतो.

तर माझं म्हणणं असं की ते भाषण तू कॅमेऱ्यासमोर कर. दुकान बंद झाल्यावर, मालकाची परवानगी काढून, फोन समोर टेकवून ठेव आणि समोरच्या रिकाम्या खुर्चीला तुझं रोजचं बोलणं पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकव. या बसा, पाणी घ्या, कुणासाठी पाहिजे, मुलीला का, कॉलेजला आहे का, मग हा घेऊच नका हा घ्या, बजेटचं टेन्शन घेऊ नका, आधार आणलंय का, मोबाईल नंबर लिंक आहे ना, ओटीपी आला का सांगा, टेम्पर्ड बसवून देतो, कव्हर कोणतं, इन्शुरन्स टाकून ठेवतो हप्त्यात कळत पण नाही. जिथं गिऱ्हाईक बोलतं तिथं गप्प रहा, ती ज्या वेळेला आवंढा गिळते तेवढा वेळ गप्प. हसू नको, ॲक्टिंग करू नको, टीका तर अजिबात करू नको, जसं रोज मनापासून बोलतोस तसंच बोल, कारण मला खात्री आहे की तू मनापासूनच बोलतोस आणि तीच तर गंमत आहे त्यातली. मग त्याच खुर्चीला दुसऱ्यांदा सगळं सांग, पण आता डीबीडी, फी, दंड, इन्सेंटिव्ह किती मिळतं, टार्गेट किती बाकी आहे, कव्हरवर फोनपेक्षा मार्जिन का जास्त, हे सगळं धरून. तीच खुर्ची, तोच लाइट. दोन्ही एकामागं एक लाव. कुणाचा चेहरा ब्लर करायची गरज नाही, कुणाचं आधार दिसत नाही, आणि ढोंगाचं जे तुला टोचायलंय ते तू लपवायच्या ऐवजी सरळ पडद्यावर येतं. मालक दुसऱ्या भागाला नाही म्हणू शकतो, ते धरून चाल. मग दुकानाची पाटी, कंपन्यांची नावं, सगळं काढ आणि घरच्या टेबलावर बसून शूट कर, खुर्ची तर कुठलीही चालते.

अजून एक आहे तुझ्याकडं आणि तू फिल्ममध्ये त्याला दहा सेकंद दिलेत, तो लॉक झालेला फोन. हप्ता चुकला म्हणून ॲपनं फोन बंद केलाय, स्क्रीनवर फक्त पैसे भरा एवढंच, आणि गडी तुझ्या काउंटरवर उभा राहून म्हणायलाय की फोन चालू करून दे, पैसे पाठवायला पण फोनच लागतो. अरे काय वाक्य आहे ते! तू त्याच्यावर सायरन वाजवलास. आपल्याकडं सोयाबीनचा पैसा दसरा-दिवाळीच्या अंगाला येतो आणि हप्ता तर दर महिन्याच्या ठरल्या तारखेला जातो, त्या तारखेला पाऊस पडो न पडो. बीडकडचे ऊसतोड कामगार मुकादमाकडून उचल घेतात आणि मग अंगावरची उचल फिटेपर्यंत कोयता हातातून सुटत नाही, ते आपण सगळे जाणतो, त्याच्यावर किती लिहिलं गेलं, पण फोनच्या हप्त्याकडं तसं कुणी बघितलेलं मी तरी पाहिलं नाही. तू बघू शकतोस. पण त्या गड्याला विचारून. तो हो म्हणाला तर त्याच्या नुसत्या हातातला फोन घे फ्रेममध्ये आणि त्याचा आवाज, बाकी काही नको.

फिल्मच्या सुरुवातीला तू पाटी टाकलीस, टेक्नॉलॉजी गावात शिरली. हे जरा पेपरातल्या लेखासारखं झालं, आणि खरं पण नाही. ती काय चोर आहे का शिरायला? इथंच आमच्या संभाजीनगरजवळ पैठण रोडला चितेगावात व्हिडिओकॉनचे टीव्ही बनायचे, वाळूजला बजाजच्या गाड्या बनतात, आमच्या सिडकोत बसभर भरून लोक शिफ्टला जायचे आणि पगारातून तोच टीव्ही घरी आणायचे. पुढं २०१८ पासून व्हिडिओकॉन दिवाळखोरीच्या केसमध्ये अडकली ते सगळ्यांना माहितीय. सांगायचं काय तर आपण नुसते घेणारे नाही, बनवणारे पण आहोत, मराठवाड्याची ही बाजू तुझ्या डोक्यात असू दे. आणि आबांना एकदा विचार, घरात किंवा गल्लीत पहिला टीव्ही कुणाकडं आला, १९८७ ला रविवारी सकाळी रामायण लागायचं तेव्हा कुणाच्या ओट्यावर बसायचे, पैसे रोख दिले का सावकाराकडून काढले. रेकॉर्डर चालू ठेवून विचार. आबांना कळेल तरी तू नक्की काय उद्योग करतोस ते, आणि फिल्मला आवाज मिळेल तो वेगळाच.

मित्रांचं. पहिल्याचं सोडून दे, स्टोरी नसली तरी चालतं. मार्था रॉसलर म्हणून एक बाई आहे अमेरिकेची, तिनं १९७५ ला सहाएक मिनिटांची केली, ती स्वैपाकघरात ओट्यामागं उभी राहते आणि इंग्रजी बाराखडीप्रमाणं एकेक भांडं उचलून नाव घेऊन दाखवते, आणि हळूहळू तिच्या हाताला असा राग चढतो की काटा-सुरी बघून आपण मागं सरकतो. स्टोरी काहीच नाही, पण पुढं काय येणार ते आपल्याला माहीत असतं म्हणून आपण बघत राहतो. आपल्या दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी, १९१२ ला, कुंडीत वाटाणा लावून त्याचं रोप कसं वाढतं ते रोज थोडं थोडं चित्रित करून दाखवलं, भांडवल घालणाऱ्याला पटवायला. ते एक्सपेरिमेंटल नाही तर काय आहे? त्यात सुद्धा एक सोपा धागा आहे, बी आहे, आता ते उगवणार. तुझ्या ११ मिनिटांत तसला धागा नाही, म्हणून तो मित्र हरवला, त्याला दोष देऊ नको.

दुसऱ्या मित्राचं मात्र मनावर घे. ते व्हिडिओ फाटल्यासारखं, अडकल्यासारखं करायचं इफेक्ट तू ॲपमधनं टाकलंस ना? सगळे टाकायलेत. लग्नाच्या व्हिडिओत पण असतं आता. तो इफेक्ट स्वतःच बाजारातला रेडीमेड माल आहे, म्हणजे बाजारावर टीका करायला तू बाजारातूनच पाकीट आणलंस. आणि सायरन काढ. फारोकीनं १९६९ ला नापाम या माणसं जाळणाऱ्या बॉम्बवर फिल्म केली त्यात तो कॅमेऱ्याकडं बघून शांतपणे म्हणतो की जळालेली माणसं दाखवली तर तुम्ही डोळे मिटून घ्याल, आणि मग सिगारेट स्वतःच्या हातावर विझवतो आणि मागून आवाज सांगतो की सिगारेट ४०० डिग्रीला जळते, नापाम ३००० ला. बस. तू असलं काही हातावर करू नको, सांगून ठेवते. पण आवाज चढवला की लोक डोळे मिटतात हे त्याला पंचविशीत कळलं होतं.

आता कॅमेरा. नको घेऊ. १ लाख ८० हजार, २ वर्षं, १५ टक्के व्याज धर, हप्ता बसतो साधारण ८७०० आणि व्याजाचेच जातात २९ हजाराच्या वर. तुझा पगार १६ हजार. हे गणित तू दिवसभर दुसऱ्यांचं करतोस, आणि इतका पगार-इतका हप्ता असला गिऱ्हाईक तुझ्यासमोर आला तर तू मनात काय म्हणतोस ते आठव. फाळक्यांनी विम्याची पॉलिसी गहाण टाकून लंडन गाठलं आणि कॅमेरा आणला हे मला कुणीतरी सुनावणारच, पण त्यांच्या खिशात कॅमेरा नव्हता रे, तुझ्या आहे, आणि तो शटरचा शॉट त्याच्यावरच आलाय. खरंच मोठा कॅमेरा लागला तर उदगीरमध्ये लग्नाचं शूटिंग करणारे ढीगभर आहेत, चातुर्मासात मुहूर्त नसतात तेव्हा त्यांचे कॅमेरे कपाटात पडून असतात, भाड्यानं मागितले तर देतील, वर लाइट कसा लावायचा ते शिकवतील. खर्च करायचाच तर एक बरा माइक आणि एक भक्कम ट्रायपॉड. माइक आधी. तुझ्या दुकानातला आवाज, मशीनची ती पीं पीं, नोटा मोजायचा आवाज, ब्लूटूथ स्पीकर टेस्ट करताना लागणारं तेच ते गाणं, हे सगळं तू म्युझिकखाली गाडून टाकलंस.

पुण्याला राहायला जाऊ नको, जाऊन ये. एफटीआयआय ही फिल्म शिकवणारी सरकारी संस्था आणि जुन्या फिल्मा जपणारं फिल्म अर्काइव्ह मिळून फिल्म अ‍ॅप्रिसिएशनचा छोटा कोर्स घेतात, कधी निघतो त्यावर लक्ष ठेव आणि मालकाकडं रजेचं आत्तापासून बोलून ठेव, लग्नसराईत आणि दिवाळीत तो सोडणार नाही हे धरून. नोकरी सोडून खोली घेऊन तिकडं बसलास तर तिथं पण कुठल्यातरी शोरूमलाच लागशील, भाडं मात्र वेगळं.

आबांचं मी फार लांबवत नाही. पोरगी बघू दे त्यांना. बघायला जाशील तेव्हा तिला सरळ सांग की मी रात्री हे असं असं करतो आणि यातून पैसे येत नाहीत, आणि फोनवर तो ठसे पुसायचा शॉट दाखव, पूर्ण फिल्म नको. तिनं काय विचारलं त्यावरनं तुझं तुला कळेल.

नवीन फिल्म झाली की आधी संभाजीनगरच्या अजिंठा-वेरूळ फेस्टिव्हलला एक चक्कर मार, दाखवायला नाही, बघायला, आणि चहाच्या टपरीवर लोकांशी बोल, तिथं तुझ्यासारखी चार पोरं भेटतील. पाठवायला मुंबईचा मिफ हा फेस्टिव्हल आहे, १९९० पासून चालतो, दर दोन वर्षांनी, डॉक्युमेंटरी, छोट्या आणि ॲनिमेशन फिल्मांचाच आहे. केरळात तिरुवनंतपुरमला आयडीएसएफएफके नावाचा डॉक्युमेंटरी आणि छोट्या फिल्मांचा फेस्टिव्हल आहे. आणि खास तुझ्यासारख्यांसाठी बेंगळुरूचा 'एक्सपेरिमेंटा', २००३ ला सुरू झालेला. फॉर्म भरताना इंग्रजीत भारी भारी वाक्य लिहायच्या नादी लागू नको, मी उदगीरला फायनान्स काउंटरला बसतो आणि ही फिल्म त्या खुर्चीवरून काढलीय, एवढं लिही.

आणि हो, तू लिहिलंस की सगळं फुटेज फोनमध्येच आहे आणि मेमरी फुल झाली की जुनं डिलीट करतो. हे वाचून माझ्या पोटात गोळा आला. कॅमेऱ्याचा विषय संपलाच आहे, तेव्हा या महिन्याच्या इन्सेंटिव्हमधून हार्ड डिस्क घे, दोन घे, दोन्हीत सारखंच टाक आणि त्यातली एक दुकानात ठेवू नको. रोख घे.